बॅरिस्टर बदरुद्दीन

मी मराठीत कविता लिहितो. कवितावाचन संपलं की कुणीतरी हटकून विचारतं, 'तुमचं मराठी इतकं चांगलं कसं?' विचारणाऱ्याच्या मनात वाईट काही नसतं. पण अशा वेळी मला बदरुद्दीन तय्यबजी आठवतात. त्यांना तर आपल्याच माणसांपुढे जबाब द्यावा लागला होता.

१८४४ साली मुंबईत, सुलेमानी बोहरा व्यापारी घराण्यात त्यांचा जन्म झाला. आधी मदरशात उर्दू-फारसी, मग एल्फिन्स्टनमध्ये इंग्रजी. विलायतेत शिकताना डोळ्यांनी दगा दिला, अभ्यास अर्ध्यावर टाकून घरी यावं लागलं. पुन्हा गेले आणि १८६७ साली बॅरिस्टर होऊनच परतले. मुंबई हायकोर्टातले ते पहिले हिंदी बॅरिस्टर. पुढे म्युनिसिपालिटी आली, १८७४ साली अंजुमन-इ-इस्लाम आली. १८८५ मध्ये फिरोजशहा मेहता आणि काशिनाथ त्र्यंबक तेलंग यांच्याबरोबर त्यांनी बॉम्बे प्रेसिडेन्सी असोसिएशन काढली.

डिसेंबर १८८७ मध्ये मद्रासच्या काँग्रेस अधिवेशनाचे ते अध्यक्ष झाले. काँग्रेसचे हे पहिले मुसलमान अध्यक्ष. नेमक्या त्याच दिवसांत सर सय्यद अहमद खान लखनौला भाषण करून मुसलमानांना काँग्रेसपासून दूर राहायला सांगत होते. मग दोघांत पत्रं झाली. तय्यबजींचं म्हणणं वकिली होतं, पण सरळ होतं : या देशात अनेक जमाती आहेत, प्रत्येकीचे प्रश्न निराळे आहेत, पण काही प्रश्न सगळ्यांचे आहेत, आणि काँग्रेस त्यांच्यासाठी आहे.

विरोध मात्र वाढतच गेला. १८८८ मध्ये त्यांनी ह्यूमसाहेबांना लिहिलं, की सगळा मुसलमान समाज विरोधात असेल तर काँग्रेस निदान पाच वर्षं तहकूब ठेवावी. हे पत्र लोक सहसा सांगत नाहीत. मला ते सांगावंसं वाटतं, कारण त्यात माणसाची घालमेल दिसते. काँग्रेस थांबली नाही. पण त्याच वर्षी अलाहाबादला ठराव झाला : हिंदू किंवा मुसलमान प्रतिनिधींचा एकमुखी वा जवळजवळ एकमुखी विरोध असेल, तो विषय चर्चेला घ्यायचा नाही.

१८९५ साली ते हायकोर्टाचे न्यायाधीश झाले. राजकारण सुटलं, समाजकारण नाही. १९०३ मध्ये मुंबईच्या मुस्लिम शिक्षण परिषदेत, अध्यक्षपदावरून ते पडद्याविरुद्ध बोलले.

१८९७ साली लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा खटला झाला. मॅजिस्ट्रेटने जामीन नाकारला होता. हायकोर्टात अर्ज तय्यबजींपुढे आला आणि त्यांनी जामीन दिला. टिळकांची बाजू मांडत होते बॅरिस्टर दावर. पुढे हेच दावर न्यायाधीश झाले आणि १९०८ साली त्यांनी टिळकांना आधी जामीन नाकारला, मग सहा वर्षं काळ्या पाण्याची शिक्षा दिली. तय्यबजी तेव्हा हयात नव्हते. १९०६ साली लंडनमध्येच त्यांचं निधन झालं होतं.