वादातली जमीन राखायची कोणी?

मृग जवळ आला की वऱ्हाडातल्या दिवाणी कोर्टांत एका प्रश्नाला धार चढते: पेरणीआधी निशाणी 5 वर हुकूम होईल का? तूर्तातूर्त मनाईचा अर्ज बहुधा दाव्याच्या पाचव्या निशाणीला लागतो. त्यामुळे अमरावती-अकोल्याकडे पक्षकारही 'निशाणी पाच' म्हणूनच बोलतात. भावाभावांची तोंडी वाटणी, सरकलेला धुरा, इसार घेऊन न झालेली खरेदी, सातबाऱ्यावर परस्पर चढलेले नाव, अशी भांडणाची कारणे अनेक असतात. मालकीचा निकाल पुराव्यानंतर लागतो. कपाशी आणि सोयाबीन तोवर थांबत नाहीत.

कायद्याने दिलेली हत्यारे

1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश 39 हा या साऱ्याचा पाया. न्यायाधीश तीन गोष्टी पाहतात: अर्जदाराची बाजू प्रथमदर्शनी टिकते का, मनाई दिल्याने किंवा नाकारल्याने अधिक गैरसोय कोणाची, आणि पैशाने भरून न निघणारे नुकसान होणार आहे का. विरुद्ध बाजूला न ऐकता मनाई दिली, तर 30 दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, असे हाच आदेश सांगतो. हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येते. आपल्याला न ऐकता हुकूम होईल अशी भीती असणारा आधीच कॅव्हेट दाखल करतो. ते 90 दिवस चालते.

दावा चालू असताना कोणी जमीन विकलीच, तर 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम 52 आडवे येते. अशी खरेदी आपोआप रद्द होत नाही, पण घेणारा दाव्याच्या निकालाला बांधलेला राहतो. ताब्यावरून डोकी फुटण्याची वेळ आली, तर कार्यकारी दंडाधिकारी फौजदारी कायद्याने हस्तक्षेप करतात. पूर्वीचे कलम 145 आता 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम 164 झाले आहे. मात्र तिथे प्रश्न ताब्याचा असतो, मालकीचा नव्हे. फेरफाराचेही तसेच. सातबाऱ्यावरची नोंद खरी मानून चालतात, पण तेवढ्याने कोणी मालक ठरत नाही.

शिरपूरचा धडा

वाद लांबला की मालमत्तेचे काय होते, हे पाहायला शिरपूरच्या अंतरिक्ष पार्श्वनाथ मंदिराकडे जावे. आज ते वाशीम जिल्ह्यात आहे. 1998 पर्यंत अकोला जिल्ह्यात होते. दिगंबर आणि श्वेतांबर जैनांनी 1905 मध्ये पूजेच्या वेळा वाटून घेतल्या होत्या. तरी मूर्तीवरचा लेप आणि व्यवस्थापन यांवरून 1910 मध्ये अकोल्यात दावा उभा राहिला. 1918 मध्ये तिथला निकाल, 1923 मध्ये नागपूरच्या ज्युडिशियल कमिशनर कोर्टाचा आणि 1929 मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलचा. व्यवस्थापन श्वेतांबरांकडे गेले आणि ठरलेल्या वेळी पूजेचा दिगंबरांचा हक्क राहिला. पुढे वाद पुन्हा पेटला आणि 1981 पासून मंदिराला कुलूप लागले. सर्वोच्च न्यायालयाच्या फेब्रुवारी 2023 च्या हुकुमानंतर, 42 वर्षांनी, दारे उघडली.

दोन्ही पंथांची श्रद्धा खरी होती. पण ज्या दर्शनासाठी ते भांडत होते, ते दर्शनच दोन पिढ्यांना दुरावले. कुलूप लावल्याने भांडण थांबले असेल, पण भाविकांच्या हाती त्यातून काही आले नाही.

जैसे थे, म्हणजे नेमके कसे?

शेतीत हे नुकसान दर हंगामाला होते. हुकुमात फक्त 'जैसे थे ठेवावे' एवढेच असेल, तर दोघेही ताबा आपलाच असल्याचे सांगत शेतात उतरतात, नाहीतर पोलिसांच्या भीतीने कोणीच पेरत नाही. वरुड-मोर्शीकडच्या संत्रा बागेत प्रश्न अधिक नाजूक. विहीर आटल्यावर बोअर घेणे म्हणजे स्थिती बदलणे का? उत्तर येईपर्यंत झाडे वाळली, तर खटला जिंकणाऱ्याच्या हाती सरपण येते.

उपाय कायद्यातच आहेत. कोर्ट कमिशनर नेमून भूमी अभिलेख खात्याकडून मोजणी करून घेता येते. आदेश 40 खाली रिसीव्हर नेमता येतो, किंवा एका पक्षाला वहितीची परवानगी देऊन उत्पन्नाचा हिशेब कोर्टात मागता येतो. नासणारा माल विकून पैसा जमा ठेवण्याचीही सोय आदेश 39 मध्ये आहे.

वेळेचा प्रश्न मात्र सुटलेला नाही. खटल्यांना मिळालेली स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपेल, असे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये म्हटले होते; 29 फेब्रुवारी 2024 रोजी घटनापीठाने ते मागे घेतले. ते योग्यच झाले, कारण तारीख न लागण्यात पक्षकाराचा दोष नसतो. निशाणी 5 वरचा हुकूम जिल्हा न्यायालयात अपिलात जातो, तिथून रिट घेऊन नागपूर खंडपीठात. दरम्यान मूळ दाव्यातला पुरावा रखडतो. मनाई मिळालेल्याला घाई राहत नाही आणि न मिळालेला थकतो. म्हणून मनाई दिली की मूळ दाव्याचे वेळापत्रकही त्याच दिवशी ठरले पाहिजे.

जमीन कोणी कसायची, हिशेब कोणी द्यायचा, कोणते काम परवानगीशिवाय चालेल आणि पुढची तारीख कोणती, या चार गोष्टी हुकुमात लिहिल्या गेल्या, तर मालकी कोणाचीही ठरो, शेत पडीक राहणार नाही. त्या मागण्यासाठी नव्या कायद्याची वाट पाहायची गरज नाही. वकिलांनी त्या निशाणी 5 च्या अर्जातच मागाव्यात, आणि शेतकऱ्यांनीही त्या मागायला लावाव्यात.