खटला दुसऱ्या गावी का हलवतात?

‘या कोर्टात मला न्याय मिळणार नाही,’ असे आरोपी म्हणतो, तसे फिर्यादीही म्हणतो. पण नुसते म्हणण्याने खटला हलत नाही. ‘खटला अमुक कोर्टाकडे वर्ग’ अशी बातमी आपण वाचतो, तेव्हा त्यामागे एक अर्ज असतो, सोबत प्रतिज्ञापत्र असते आणि आपली भीती खरी आहे, हे पटवून द्यावे लागलेले असते.

अर्ज करायचा कुठे? त्याच सत्र विभागातले दुसरे कोर्ट हवे असेल तर आधी सत्र न्यायाधीशांकडे. त्यांनी नाकारले तरच उच्च न्यायालयात. राज्यातला दुसरा जिल्हा हवा असेल तर उच्च न्यायालय, आणि दुसरे उच्च न्यायालय ज्या राज्यात आहे तिथे न्यायचा असेल तर सर्वोच्च न्यायालय. पूर्वी यासाठी फौजदारी प्रक्रिया संहितेची 406 ते 408 ही कलमे होती. 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची 446 ते 448 ही कलमे लागू आहेत. अर्ज उगाच त्रास देण्यासाठी केलेला ठरला, तर विरोध करणाऱ्याला भरपाई द्यावी लागते. जुन्या कायद्यात तिला हजार रुपयांची मर्यादा होती. आजच्या काळात तेवढ्यात लांबच्या गावची एक तारीखही निभावली नसती!

गैरसोय हे कारण सहसा चालत नाही. मुंबईच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात राणी जेठमलानी यांनी मनेका गांधींवर बदनामीची फिर्याद केली होती. खटला दिल्लीला न्यावा, अशी मनेका गांधींची मागणी होती. मुंबईत चांगला वकील मिळणे कठीण, कोर्टात गर्दी गोंधळ घालते, अशी कारणे त्यांनी दिली. 1978 मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्या पीठाने ती नाकारली. गर्दी आवरायला मॅजिस्ट्रेटकडे अधिकार आहेत, ते त्यांनी वापरावेत. आणि महत्त्वाच्या तारखा सोडल्या तर आरोपीला हजेरीतून सूट द्यावी, असे सुचवले. मला हा निकाल फार शहाणपणाचा वाटतो. दुखणे कोर्टातच बरे होणार असेल, तर पेशंटला परगावी कशाला न्यायचे?

पण साक्षीदारच घाबरलेला असेल तर? 1 मार्च 2002 रोजी वडोदऱ्यात बेस्ट बेकरीवर जमावाने हल्ला केला, त्यात 14 जण मारले गेले. तिथल्या कोर्टात एकामागून एक साक्षीदार फिरले आणि जून 2003 मध्ये सर्व 21 आरोपी सुटले. 12 एप्रिल 2004 रोजी सर्वोच्च न्यायालयाने फेरखटल्याचा आदेश दिला, तोही महाराष्ट्रात. अशा वेळी गावच्या वाऱ्यापासून साक्षीदाराला दूर नेणे, हाच उपाय उरतो.

तो उपाय स्वस्त नसतो. साक्षीला येणाऱ्याचा रोज बुडतो, मुक्कामाचा प्रश्न येतो, कागदपत्रे परक्या भाषेत असतात. कठुआचा खटला मे 2018 मध्ये जम्मू-काश्मीरबाहेर पठाणकोटला हलवताना सर्वोच्च न्यायालयाने म्हणूनच बारीकसारीक गोष्टी ठरवून दिल्या: उर्दू जबाबांचे इंग्रजी भाषांतर करावे, साक्षीदारांच्या प्रवासाची, राहण्याजेवणाची सोय राज्य सरकारने करावी, सुनावणी रोजच्या रोज आणि बंद दालनात व्हावी. जून 2019 मध्ये निकाल लागला, सात आरोपींपैकी सहा दोषी ठरले.

जागा बदलली म्हणून सगळेच सरळ होते, असे मात्र समजू नये. बेस्ट बेकरीची मुख्य साक्षीदार मुंबईतही जबाबावरून फिरली. मार्च 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला एक वर्षाची कैद सुनावली. त्याआधी फेब्रुवारीत मुंबईच्या कोर्टाने नऊ जणांना जन्मठेप दिली होती. 2012 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यातल्या पाच जणांना सोडले, चौघांची शिक्षा कायम ठेवली. ती बेकरीत जखमी झालेल्या कामगारांच्या साक्षीवर.