किमोत तोंड येतं, ते उष्णतेने नव्हे

किमोथेरपी घेणाऱ्या माणसाचं तोंड आलं की घरातलं निदान ठरलेलं असतं : "औषधांची उष्णता झाली." मग गुलकंद येतो, सब्जा भिजतो, बी-कॉम्प्लेक्सच्या गोळ्या सुरू होतात. काळजी खरी असते, कारण मात्र वेगळं. तोंडाचं आतलं अस्तर दर आठवड्या-दोन आठवड्यांनी नवं होतं. झपाट्याने वाढणाऱ्या पेशी मारणारी औषधं कर्करोगाबरोबर या अस्तरालाही गाठतात. जुनं झिजतं, नवं वेळेवर तयार होत नाही, आणि जखमा उघड्या पडतात. तोंडा-घशाच्या रेडिएशनमध्येही असंच होतं. जीवनसत्त्वाच्या गोळीने हे थांबत नाही. हा त्रास संसर्गजन्यही नाही. रुग्णाचं ताट-भांडं वेगळं काढू नका.

"उपचार म्हटला की एवढं सोसायचंच," हा समज मला सगळ्यात घातक वाटतो. गिळताना आग होते म्हणून माणूस निमूटपणे जेवण कमी करतो, अशक्त होतो आणि मग रेडिएशनची तारीख चुकते. तोंडा-घशाच्या कर्करोगात रेडिएशनमध्ये असा खंड पडला, तर आजार आटोक्यात येण्याची शक्यताच घटते. म्हणून पहिल्या चुरचुरीलाच डॉक्टरांना सांगा. जेवणाआधी तोंड बधिर करणारं औषध मिळतं, दुखणं जास्त असेल तर मॉर्फिनही देतात. सवय लागेल या धास्तीने ते नाकारू नये. देखरेखीखाली घेतलेलं मॉर्फिन जखमा भरल्या की टप्प्याटप्प्याने बंद करता येतं. किमोच्या जखमा बहुधा 2-3 आठवड्यांत भरतात, रेडिएशनच्या मात्र उपचार संपल्यावरही काही आठवडे रेंगाळतात.

या जखमा आधीच रोखता येतात का? काही प्रमाणात, हो. फाइव्ह-एफयू हे औषध शिरेतून एकदम दिलं जातं, तेव्हा सुमारे 30 मिनिटं तोंडात बर्फाचे तुकडे चघळले की रक्तवाहिन्या आकसतात आणि अस्तरापर्यंत औषध कमी पोहोचतं. मात्र सोबत ऑक्सॅलिप्लॅटिन हे औषध असेल तर थंडी सोसत नाही, म्हणून विचारल्याशिवाय बर्फ नको. तोंडा-घशाच्या रेडिएशनमध्ये आणि अस्थिमज्जा प्रत्यारोपणात कमी तीव्रतेच्या लेझरचाही उपयोग होतो. ती सोय आपल्या रुग्णालयात आहे का, हे उपचार सुरू होण्याआधीच विचारावं. दातांची तपासणीही तेव्हाच उरकावी.

जखमा झाल्या की ब्रश बंद करणं चूक. अगदी मऊ ब्रशने दात घासत राहा. अस्वच्छ तोंडात जंतूंचं फावतं. झणझणीत, अल्कोहोलवाला माउथवॉश मात्र टाळा. 1 लिटर पाण्यात 1 चमचा मीठ आणि 1 चमचा खाण्याचा सोडा घालून दिवसातून अनेकदा चुळा भरणं पुरेसं आहे. मिश्री लावल्याने आराम पडतो असं सांगणारे भेटतील. ती तंबाखूच आहे, जखमेवर तर नकोच नको.

जेवण कोमट आणि मऊ असावं : तूप घातलेली आसट खिचडी, नाचणीचं सत्त्व, दूधभात, उकडलेलं अंडं कुस्करून. ठेचा, लोणचं, लिंबू, कडक भाकरी काही दिवस बाजूला.

तोंडात दह्यासारखे पांढरे थर दिसले तर ती बुरशी असू शकते, तिचं औषध निराळं. पाणीही गिळवेना, तोंडातून रक्त येऊ लागलं किंवा ताप 38 अंश सेल्सिअसवर (100.4 फॅरनहाइट) गेला, तर सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठा. पांढऱ्या पेशी घटलेल्या असताना तोंडातल्या जखमेतून जंतू थेट रक्तात शिरू शकतात.