डावी सोंड, उजवी सोंड

आंजर्ल्याच्या कड्यावरच्या गणपतीला गेलं की मी आधी सोंड बघतो. इथल्या देवाची सोंड उजवी. चतुर्थीला घरोघरी पाटावर बसतो तो बहुधा डाव्या सोंडेचा. उजव्या सोंडेचा देव कडक, त्याचं सोवळं सांभाळावं लागतं, हे लहानपणापासून कानावर पडलेलं. रत्नागिरीकडे गणपतीच्या शाळेत पाट पोचवायला गेलेलं पोरसुद्धा सोंड कुठे वळली ते एका नजरेत सांगतं.

जयंत नारळीकरांनी हीच नजर हेरली. ‘उजव्या सोंडेचा गणपती’ या त्यांच्या विज्ञानकथेत डाव्या सोंडेची मूर्ती उजव्या सोंडेची होते आणि उजव्या हातानं चेंडू टाकणारा गोलंदाज डावरा होतो. त्यामागे ना छिन्नी, ना मंत्र. वस्तू आपल्या जगातून उचलायची, आपल्याला न दिसणाऱ्या चौथ्या दिशेतून फिरवून आणायची आणि पुन्हा जागेवर ठेवायची. परत येते ती आरशातली. आरशापलीकडच्या जगाचं दार उघडणारी याहून सुंदर युक्ती मला मराठीत दुसरी ठाऊक नाही.

ही युक्ती घरच्या टेबलावर करून बघता येते. ट्रेसिंग पेपरची दोन बोटं रुंद, हातभर लांब पट्टी घ्या. तिच्यावर डाव्या सोंडेचा छोटा गणपती काढा. पट्टीच्या एका टोकाला अर्धा पीळ द्या आणि दोन्ही टोकं चिकटवा. आता त्या चित्राशेजारी तसंच दुसरं, मग तिसरं, असं काढत पुढे सरका. पाय त्याच कडेला, सोंड त्याच बाजूला. कुठेही पेन उचलून पट्टीच्या मागच्या बाजूला जायचं नाही. फेरी पुरी झाली की तुम्ही पहिल्या गणपतीच्या बरोबर पाठीमागे आलेले असता. कागद उजेडात धरा. पहिला गणपती आरपार दिसतो. तो तुमच्या शेवटच्या चित्राच्या मानानं डोकं खाली, पाय वर असा असतो. पट्टी फिरवून त्याला सरळ बसवा आणि सोंड बघा. उजवी! मी हे कितीदा केलं असेल, पण कागद उजेडात धरताना अजूनही श्वास रोखला जातो.

पट्टीला नाव मिळालं जर्मन गणिती मोबियसचं. तिच्यावर त्यानं काम केलं ते 1858 मध्ये. पण त्याआधी, 1827 मध्येच, त्यानं लिहून ठेवलं होतं की वस्तू आणि तिचं आरशातलं रूप एकमेकांवर तंतोतंत बसवायचं तर चौथी मिती लागेल. देवळाबाहेर काढून ठेवलेल्या चपला आठवा. डाव्या पायाची चप्पल कशीही फिरवा, ती उजव्या पायाची होत नाही. मात्र टेबलावरचा कागदी गणपती उचलून पालथा केला की सोंड लगेच दुसरीकडे जाते, कारण कागदाच्या सपाट दुनियेला नसलेली ‘वर’ ही दिशा आपल्याकडे आहे. आपल्यालाही तशी एक जादा दिशा मिळाली, तर चपलेचाच काय, अख्ख्या माणसाचा पालट होईल.

उलटापालट नारळीकरांच्या लेखनात पहिल्यापासूनच होती. 1974 मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली, ती नारायण विनायक जगताप या नावानं. आद्याक्षरं ना. वि. ज. ती उलटी वाचा. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा त्यांच्या पत्नी मंगलाताईंनी लिहून काढली होती, आणि पहिलं बक्षीस तिलाच मिळालं. नारळीकरांना या कड्याशी जोडणारा माझ्या मनातला आणखी एक धागा गणिताचा. आंजर्ल्याला लागूनच मुर्डी आहे, रँग्लर परांजप्यांचं जन्मगाव. 1899 मध्ये केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत पहिले आलेले ते पहिले भारतीय. पुढे नारळीकरही तिथेच रँग्लर झाले. कड्यावरून मुर्डीची झाडी बघताना हे दोघं मला एकदम आठवतात.

आता समजा, आपल्यातलाच कुणी चौथ्या दिशेतून फिरून आला. हृदय उजवीकडे, यकृत डावीकडे. खरी पंचाईत त्याहून बारीक आहे. आपल्या शरीरातली प्रथिनं डाव्या ठेवणीच्या अमिनो आम्लांची असतात, तर साखरा उजव्या ठेवणीच्या. पालटलेल्या माणसाचे पाचक रस या रेणूंना लागूच पडणार नाहीत, डावा हातमोजा उजव्या हातात जात नाही तसे. ताटभर भात खाऊनही अंगी काही लागायचं नाही. वाससुद्धा बदलतील. पुदिन्यात आणि बाळंतशेपात कार्व्होन नावाचा एकच रेणू आहे, फक्त एकातला दुसऱ्यातल्याचं आरशातलं रूप. आपलं नाक तेवढ्यानं दोन वेगळे वास ओळखतं. त्या माणसानं पुदिन्याची चटणी हुंगली तर त्याला बाळंतशेपाची आठवण येईल.

आणि तो पाखाडी चढून आंजर्ल्याच्या देवापुढे उभा राहिला तर? आपण पालटलो हे त्याला आतून जाणवणारच नाही. त्याच्या लेखी तो होता तसाच आहे, दुनिया मात्र फिरलीय. देवळातली पाटी उलट्या अक्षरांची, गाभाऱ्यातला गणपती डाव्या सोंडेचा. बाहेर येऊन त्यानं उत्तरेकडे तोंड केलं, तर जन्मभर डाव्या हाताला असलेला समुद्र त्याला उजव्या हाताला दिसेल.