दोन हजार प्रयोग, अडीचशे चित्रपट, एक निळूभाऊ

महिन्याचा पगार 80 रुपये, त्यातले 10 राष्ट्र सेवा दलाला. पुण्यात लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम करणाऱ्या निळू फुल्यांचा हा हिशेब. कमाईचा आठवा हिस्सा चळवळीला देणाऱ्या या माणसाने पुढे पडद्यावर इतक्या जमिनी लाटल्या, की गावोगावच्या बायाबापड्या त्यांना खराखुरा खलनायक समजून शिव्याशाप देत.

आधी रंगभूमीचा आकडा बघा. शंकर पाटलांचं ‘कथा अकलेच्या कांद्याची’ हे लोकनाट्य. प्रयोग दोन हजारांच्या वर. एकही सुट्टी न घेता रोज एक प्रयोग केला, तरी साडेपाच वर्षं लागतात. प्रयोग तीन तासांचा धरला तर सहा हजार तास, म्हणजे 250 दिवस आणि 250 रात्री अखंड रंगमंचावर!

चित्रपटही सुमारे 250, मराठी आणि हिंदी मिळून. 1968च्या ‘एक गाव बारा भानगडी’पासून 2009 साली निधन होईपर्यंत 41 वर्षं. सरासरी दर दोन महिन्यांना एक चित्रपट. त्यात पाटील, सरपंच, सावकार पुन्हा पुन्हा आले, आणि त्यातल्या कित्येक भूमिका त्यांच्या ताकदीला अपुऱ्या होत्या, असं मला वाटतं. पण जिथे भूमिकेत दम होता, तिथे त्यांना आवाज चढवावा लागला नाही.

का लागला नाही, हे बारामती-इंदापुरात चटकन समजतं. नीरा डाव्या कालव्याचं पाणी आलं, ऊस आला, वालचंदनगर उभं राहिलं. पुढे सहकारी कारखाने निघाले: बारामती तालुक्यात माळेगाव आणि सोमेश्वर, इंदापुरात भवानीनगर आणि बिजवडी. उसाला तोड वेळेवर मिळाली नाही की वजन घटतं, उतारा घटतो आणि शेतकऱ्याचं वर्षभराचं गणित कोलमडतं. म्हणून कुणाच्या फडात टोळी आधी जाणार, हे ठरवणाऱ्याच्या हातात केवढी सत्ता! असा माणूस ओरडत नाही. नुसतं बघतो. ‘सामना’मधला हिंदुराव धोंडे-पाटील असाच बघतो. विजय तेंडुलकरांची पटकथा, जब्बार पटेलांचं दिग्दर्शन, समोर मास्तरच्या भूमिकेत डॉ. श्रीराम लागू. ऊसपट्ट्यातली ही सत्ता 1975मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात पोहोचली. बागेत 80 रुपयांवर राबलेल्या माणसाने साखरसम्राटाची ती नजर इतकी अचूक कुठून आणली, याचं मला आजही नवल वाटतं.

या मोठाल्या आकड्यांपेक्षा मला 13 हा आकडा जास्त हलवतो. 1972मध्ये कमलाकर सारंगांनी तेंडुलकरांचं ‘सखाराम बाइंडर’ रंगमंचावर आणलं. सखाराम होते निळूभाऊ. 13 प्रयोगांनंतर बंदी आली, प्रकरण न्यायालयात गेलं. लोकनाट्यात हशे वसूल करणाऱ्या नटाने प्रेक्षकांना अस्वस्थ करणारा हा माणूस पत्करला आणि उभा केला. त्या 13 रात्रींसाठी लागलेलं धाडस दोन हजार रात्रींच्या कष्टांहून तसूभरही कमी नव्हतं.

त्या अडीचशेंतले दोनच चित्रपट पाहायला सवड असेल, तर आधी ‘सामना’ पाहा आणि लगेच ‘सिंहासन’. एकात सत्ता उपभोगणारा हिंदुराव, दुसऱ्यात सत्तेचा खेळ जवळून बघता बघता कोलमडणारा पत्रकार दिगू टिपणीस. दोन्ही तेच.