शेवटी थंड करते ती हवाच

इंटेलचा ‘कोअर आय९-१४९००के’ हा प्रोसेसर ऑक्टोबर २०२३ मध्ये बाजारात आला. पूर्ण ताकदीने चालताना तो २५३ वॅटपर्यंत वीज खातो आणि ती जवळजवळ सगळी उष्णता होऊन बाहेर पडते, तीही जेमतेम अडीच चौरस सेंटिमीटर सिलिकॉनमधून. तापमान १०० अंशांवर पोचलं की प्रोसेसर स्वतःच वेग कमी करतो. कूलर तोकडा पडला म्हणून चिप जळत नाही. पैसे मोजून घेतलेला वेग मात्र वाया जातो.

ही उष्णता द्रवाने काढण्याचा उपाय जुनाच. १९८५ च्या ‘क्रे-२’ महासंगणकाचे सर्किट बोर्ड तर वीज न वाहणाऱ्या द्रवात बुडवलेलेच असत. पुण्याच्या ‘आयसर’ या विज्ञान संस्थेतला ‘परम ब्रह्म’ महासंगणकही द्रवानेच थंड राखला जातो.

घरच्या कॉम्प्युटरसाठी मिळतो तो ‘एआयओ’, म्हणजे कारखान्यातूनच भरून सीलबंद आलेला संच. प्रोसेसरवर तांब्याचा ठोकळा बसतो. त्याच्या आत केसाइतक्या बारीक पन्हळी असतात. पंप त्यांतून द्रव खेळवतो. मिनिटाला एक लिटर पाणी फिरलं, तर २५० वॅट उष्णता घेऊनही ते साडेतीन अंशांच्या आसपासच तापतं. पुढे ते रेडिएटरमध्ये जातं आणि पंखे ती उष्णता हवेत सोडतात.

म्हणजे पाणी नुसतं वाहून नेतं, थंड करते ती खोलीतली हवाच. नागपुरात मे महिन्यात खोली ४० अंशांवर असेल, तर कितीही महागडा संच द्रवाला त्याखाली नेऊ शकत नाही. त्यामुळे निवडताना पंपावरच्या रंगीत दिव्यांपेक्षा रेडिएटर पाहावा. २४० मिमीच्या रेडिएटरवर १२० मिमीचे दोन पंखे बसतात, ३६० वर तीन. तासन्‌तास रेंडरिंग करणाऱ्याने ३६० घ्यावा, पण आधी कॅबिनेट मोजून. गेममध्ये हा प्रोसेसर पूर्ण ताकद क्वचितच लावतो. तिथे दोन मनोऱ्यांचा चांगला एअर कूलर बहुतेकदा पुरतो, आणि त्यात बिघडण्यासारखा फक्त पंखा.

एआयओत पंपही झिजतो. नळ्यांतून द्रव वर्षानुवर्षं किंचित झिरपून कमी होतो आणि आत हवा साठते. रेडिएटरचं वरचं टोक पंपापेक्षा उंच ठेवलं, तर ती हवा तिथेच अडकून राहते. खाली ठेवलं, तर ती पंपात शिरते आणि गुरगुर सुरू होते. तेव्हा बिल करण्याआधी दुकानदाराला दोनच गोष्टी विचाराव्यात: वॉरंटी किती वर्षांची, आणि गळती होऊन मदरबोर्ड गेला तर भरपाई कोण देणार?