शेवटच्या चौकटीनंतर काय झालं?

चल, एक गंमत करू! मी दोन चित्रं सांगते, तू ती डोळ्यांपुढे आण.

पहिली चौकट: ओट्यावर बेसनाच्या लाडवांचा डबा, काठोकाठ भरलेला! शेजारी बंटी, टाचा उंचावून उभा.

दुसरी चौकट: डबा अर्धा रिकामा. बंटीचे गाल टम्म!

लाडू कोणी खाल्ले? बंटीने! पण थांब, त्याला खाताना मी दाखवलंच नाही. तरी त्याचा हात डब्यात गेलेला तुला दिसला ना? मग ते मधलं चित्र काढलं कोणी? तू!

चित्रकथेत दोन चौकटींच्या मध्ये एक कोरी पट्टी असते. तिला काय म्हणतात, ओळख! गटर! अगदी खरं! तिथे एक रेघही नसते. तरी अर्धी गोष्ट तिथेच घडते, आपल्या डोक्यात.

आता सांग, शेवटच्या चौकटीनंतर काय असतं? नुसती कोरी जागा! पलीकडे दुसरी चौकटच नाही!

टिनटिन माहीत आहे? कपाळावर केसांचा तुरा, सोबत स्नोई नावाचा पांढराशुभ्र कुत्रा. बेल्जियमच्या एर्जे यांनी १९२९ मध्ये त्याची पहिली गोष्ट काढली. तेवीस गोष्टी पूर्ण झाल्या. चोविसावी 'टिनटिन अँड आल्फ-आर्ट'. तिच्यात बदमाश टिनटिनला पकडतात. त्यांचा बेत ऐक! त्याच्यावर पातळ प्लास्टिक ओतायचं. गुळाचा गरम पाक ताटात ओतला की थिजून कडक चिक्की होते ना? तसंच ते घट्ट होणार, आणि टिनटिनचा पुतळा विकायचा! बापरे!

पिस्तूल रोखून त्याला बाहेर नेतात... आणि गोष्ट तिथेच थांबते!

कारण मार्च १९८३ मध्ये एर्जे गेले. मागे उरले कच्चे आराखडे, घाईघाईच्या रेघांचे. १९८६ मध्ये ते तसेच छापले. आपल्यामागे टिनटिनच्या नव्या गोष्टी कोणी काढू नयेत, अशी एर्जे यांची इच्छा होती. म्हणून टिनटिन आजही तसाच, पिस्तुलापुढे चालतोय!

वाचकांना कुठला धीर! कॅनडाच्या ईव्ह रोदिए या चित्रकाराने तर स्वतःच शेवट काढून टाकला!

तू काय करशील? मी सांगते मी काय करते. मागची पानं उलटते. शेवटच्या षटकात पाऊस आला की आपण म्हणतो ना, "तो मघाशी कसा खेळत होता, जिंकवलंच असतं त्याने!" तसंच. तेवीस वेळा टिनटिन सुटला, मग आताही सुटणारच! पण माझी बहीण उलट म्हणते, "एकदा तरी फसणारच की!" पानं तीच, शेवट दोन!

मला वाटतं, त्याला स्नोईच सोडवणार. आधी पिस्तूलवाल्याच्या पोटरीला कडकडून चावा! पण मग टिनटिनच्या हातात पिस्तूल यायचं कसं? तिथे माझं घोडं अडलंय. तुझ्या वहीत एक चौकट आखून बघ ना!